अल्फा, बीटा, गॅमा, तेरखेडा

भाचा पुण्याला एका सल्लागार कंपनीत आहे. ती कंपनी कुणाला कसला सल्ला देते हे त्यानं मला दोनदा समजावून सांगितलंय. दोन्ही वेळा मी मान डोलावली. एका ३१ डिसेंबरला दुपारी त्यानं मोबाईलवर एक यादी धाडली. जगातली महत्त्वाची शहरं, उतरत्या भांजणीनं. लंडन आणि न्यूयॉर्क सगळ्यांच्या डोक्यावर, अल्फा प्लस प्लस. मग एकच प्लसवाले, मग साधे अल्फा, मग अल्फा वजा. त्याखाली बीटा, गॅमा असे पंगतीच्या कडेला बसलेले. 'मामा, आपली मुंबई अल्फात!' आणि पुढं नाचणारा माणूस.

मी तेव्हा धाराशिव जिल्ह्यातल्या वाशी तालुक्यात, तेरखेड्यात, हायवेलगतच्या एका हॉटेलाच्या बाकड्यावर येरमाळ्याहून येणाऱ्या पाहुण्याची वाट बघत बसलो होतो. उलट विचारलं, 'अन् तेरखेडा कितवा?'

डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसणारं तोंड आलं.

असं हसू नये. म्हणून हे सदर.

ही यादी काढणारी मंडळी इंग्लंडातल्या लफबरो विद्यापीठात १९९८ पासून या कामाला लागली. पद्धत अशी की बड्या जागतिक कंपन्या धरायच्या. त्याही हिशेब तपासणाऱ्या, पैसे फिरवणाऱ्या, जाहिराती करणाऱ्या, वकिली करणाऱ्या आणि भाच्यासारखा सल्ला देणाऱ्या. त्यांची कार्यालयं कुठल्या शहरात किती आणि किती वजनाची ते मोजायचं. त्यावरून कोणतं शहर कोणत्या शहराशी किती घट्ट बांधलेलं ते ठरवायचं. नळाला पाणी किती वेळ येतं, लोकलच्या दाराला किती माणसं लोंबकळतात, याला मार्क नाहीत. हे बरंच म्हणायचं, नाहीतर आपली मुंबई गॅमाच्या पंगतीत वाढप्याची वाट बघत बसली असती.

या पद्धतीनं तेरखेडा मोजायचा तर जाहिरात कंपनी म्हणजे फ्लेक्सवाला. वकिली सल्ला पारावर मिळतो, दोन्ही बाजूंना एकच माणूस देतो. हिशेब तपासायचं काम उधारीच्या वहीवाला करतो, आणि व्यवस्थापनाचा सल्ला तर न मागता, फुकट, चहाही आपल्याच पैशानं. पण या सगळ्यांची लंडनला शाखा नाही. म्हणून शून्य.

'जागतिक शहर' हा शब्द तसा जुना. पॅट्रिक गेडिस नावाच्या स्कॉटिश गृहस्थांनी १९१५ च्या पुस्तकात तो वापरला, आणि पुढं १९१९ साली हेच गृहस्थ मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र शिकवायला आले. मग १९९१ साली सास्किया सासेन बाईंनी न्यूयॉर्क, लंडन आणि टोकियोवर 'द ग्लोबल सिटी' हे पुस्तक लिहिलं. बाईंचं म्हणणं थोडक्यात असं की कारखाने जगभर जितके पांगले, तितकी त्यांना हुकूम सोडणारी मंडळी मोजक्या शहरांत दाटीनं गोळा झाली. पटतं. पण हुकूम सोडणारा आला की झेलणाराही आलाच. यादीत फक्त सोडणाऱ्यांची कार्यालयं मोजलेली. झेलणाऱ्याचं कार्यालय नसतं, त्याला बाकडं असतं.

तेव्हा मी बाकड्यावरच माझा एक निर्देशांक काढला. नाव झोपमोड निर्देशांक. किती लांबलांबची शहरं तुमची झोप उडवू शकतात, तितके तुमचे मार्क. लंडनची झोप उडवायला तसंच मोठं काहीतरी व्हावं लागतं. तेरखेड्याची झोप उडवायला कुठंही काहीही झालं तरी पुरतं.

पहिलं शहर शिकागो. वाशी तालुक्यातल्या, नव्हे अख्ख्या धाराशिव जिल्ह्यातल्या खरिपाची मान आता सोयाबीनच्या दाव्याला बांधलेली आहे. आपल्याला वाटतं भाव लातूरच्या मार्केट यार्डात निघतो. लातुरात तो फक्त ऐकू येतो. १८४८ साली सुरू झालेल्या शिकागोच्या धान्य बाजारात सोयाबीन बुशेलनं बोलतात. एक बुशेल म्हणजे २७ किलो आणि वर थोडं. आपल्याकडं क्विंटल, त्यांच्याकडं बुशेल. ब्राझीलमध्ये पाऊस बरा झाला की तिथं बुशेल घसरतं आणि इथं क्विंटल. ब्राझीलमध्ये दुष्काळ पडला की आपण मनातल्या मनात खूश होतो. माणूस म्हणून हे बरं नाही, पण शेतकरी म्हणून इलाज नाही.

२०२१ च्या जुलै-ऑगस्टात लातूरला सोयाबीन क्विंटलला १०,००० च्या पल्याड गेलं होतं. दहा हजार! गावोगाव ट्रॅक्टरची पत्रकं घेऊन पोरं हिंडायला लागली. तेवढ्यात कोंबड्या पाळणारे ओरडले की खाद्य परवडेना, आणि ऑगस्टात दिल्लीनं १२ लाख टन सोयापेंड आयात करायला परवानगी दिली. तीही जनुक बदललेल्या सोयाबीनची, जे बियाणं आपल्या शेतात पेरायला बंदी आहे. पेरलं तर गुन्हा, कोंबडीनं खाल्लं तर धोरण. नवा माल बाजारात येईपर्यंत भाव जवळजवळ निम्म्यावर.

दुसरं शहर जकार्ता. तेरखेड्यात जकार्ता कुठं आहे हे विचारू नका, पण २८ एप्रिल २०२२ ला इंडोनेशियानं पामतेलाची निर्यात थांबवली तेव्हा या हॉटेलातल्या भज्याच्या प्लेटीतून दोन भजी गेली, ती परत आली नाहीत. निर्यात तीन-साडेतीन आठवड्यांत सुरू झाली. भजी नाही.

मग दिल्लीनं सप्टेंबर २०२४ मध्ये कच्च्या खाद्यतेलावरचा आयातकर साडेपाच टक्क्यांवरून साडेसत्तावीसवर नेला. शेतकऱ्याच्या भल्यासाठी, असं सांगितलं. त्या हंगामात सोयाबीनचा हमीभाव ४,८९२ होता आणि बाजारात माल त्याच्या बराच खाली विकला जात होता. पुढच्या मे महिन्यात कराचा मोठा हिस्सा परत उतरवला, शहरातल्या गृहिणीच्या भल्यासाठी. भलं एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडं गेलं, वाटेत तेरखेड्याला थांबा नव्हता.

पण तेरखेड्याचं नाव सोयाबीनमुळे नाही. धाराशिव, बीड, लातूर, सोलापुरात कुणालाही विचारा, तेरखेडा म्हटलं की पहिला शब्द फटाका. मराठवाड्याची शिवकाशी. माळावर लांबलांब उभ्या केलेल्या खोल्या दिसल्या की समजायचं, इथं शोभेच्या दारूचं काम चालतं. खोल्या लांब का, हे सांगायची गरज नाही. कधीतरी एखाद्या कारखान्यात धडाका होतो, माणसं जातात, घरं उघडी पडतात. मोठ्या शहरातल्या पेपरात ती बातमी आतल्या पानावर, चार ओळींत असते. त्याच पेपरात दिवाळीच्या दुसऱ्या दिवशी आकाशभर आतषबाजीचा फोटो पहिल्या पानावर असतो. दोन्हींमधला धागा कुणी जोडत नाही.

आता एक सुतळी बॉम्ब घ्या. हातात नको, मनात घ्या. वरची सुतळी तागाची, म्हणजे ताग बंगालचा. आतला कागद रद्दीचा, त्यात अधूनमधून कुठल्या तरी परक्या लिपीतली अक्षरं दिसतात. गंधक पूर्वी खाणीतून यायचं, आता बहुतेक खनिज तेल आणि वायू शुद्ध करताना निघतं. आपल्या रिफायनऱ्यांतून निघतं तसं आखातातून जहाजानंही येतं. म्हणजे बॉम्बमध्ये अबू धाबी थोडं आहेच. आणि लखलखाट करणारी अल्युमिनियमची पूड? तिच्या धातूचा भाव १८७७ साली स्थापन झालेल्या लंडनच्या धातूबाजाराकडं बघून ठरतो. रशियानं युक्रेनवर रणगाडे घातल्यावर मार्च २०२२ मध्ये तिथं अल्युमिनियम टनाला ४,००० डॉलरच्या वर उडालं. म्हणजे लढाई तिकडं कीवच्या वाटेवर, आणि आवाज इकडं तेरखेड्यात, तोही बॉम्ब पेटवायच्या आधी.

बंगाल, आखात, लंडन. हे सगळं आवळून, वात लावून, खोक्यात भरून तेरखेडा ते परत शहराला पाठवतो. याला यादीवाले 'जोडलेपण' म्हणत नाहीत, कारण या व्यवहारात कुणी टाय घातलेला नाही.

बरं, बनवला. उडवायचा कधी? ते दिल्ली ठरवते. २३ ऑक्टोबर २०१८ ला सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, दिवाळीला रात्री आठ ते दहा, दोन तास. लडींना बंदी. बेरियमला बंदी. ऑनलाइन विक्रीला बंदी. फक्त ग्रीन फटाके. ते ग्रीन कोण म्हणणार, तर नागपूरची 'नीरी' ही पर्यावरण संशोधन संस्था. स्फोटकांचा परवाना देणाऱ्या केंद्रीय खात्याचं मुख्यालयही नागपुरात. म्हणजे दारूचं काम मराठवाड्यात, तिचा कागद विदर्भात, तिचा निकाल दिल्लीत आणि धूर मुंबईच्या नाकात. नोव्हेंबर २०२३ मध्ये मुंबईची हवा इतकी बिघडली की उच्च न्यायालयानं आधी तीन तास दिले, मग चार दिवसांत तेही कापून दोन केले.

इथं मी न्यायालयाशी भांडत नाही. दिल्लीतल्या पोराला दमा झाला तर तो खराच असतो, आणि फटाका म्हणजे काही तुळशीचा काढा नव्हे. माझी शंका एवढीच की हवा मोजायचं यंत्र शहरात आणि मोजून झाल्यावर येणारं बिल माळावर, असं प्रत्येक वेळी कसं काय होतं? मुंबईत टॉवर पाडून टॉवर बांधतात त्याची धूळ उडते. ते टॉवर बांधणाऱ्याला कुणी 'आठ ते दहा या वेळेतच बांध' म्हटल्याचं ऐकिवात नाही.

आणि एक गंमत राहिलीच. आकाशात हिरवा रंग येतो तो मुख्यतः बेरियममुळे. बेरियमला बंदी. तेव्हा ग्रीन फटाक्यानं काय वाटेल ते करावं, हिरवं तेवढं उडू नये.

चीनचं नाव घेतल्याशिवाय जागतिकीकरणाचा लेख पुरा होत नाही, म्हणून घेतो. हुनान प्रांतात लिउयांग नावाचं शहर आहे. ते जगाचं तेरखेडा. (शिवकाशीवाल्यांनी रागावू नये, त्यांचा नंबर मधला.) बड्या बड्या राजधान्यांत नव्या वर्षाला जे उजळतं त्यातलं पुष्कळसं त्या बाजूचं. आपल्याकडं परदेशी फटाक्यांच्या आयातीवर निर्बंध आहेत, तरी चिनी माल येतो. कसा येतो? ऑक्टोबर २०२५ मध्ये न्हावाशेवा बंदरात महसूल गुप्तचरांनी चाळीस फुटी कंटेनर उघडला. कागदावर माल होता लेगिंग्ज. दाराशी खरोखरच कपड्यांचा पातळ पडदा, आणि त्यामागं ४६,६४० नग फटाके, किंमत पावणेपाच कोटींच्या वर. तेरखेड्याच्या माणसाला परवान्याच्या एका कागदासाठी नागपूरच्या किती खेपा होतात ते त्यालाच विचारा. आणि तिकडं फटाके पँट घालून सरळ बंदरात उतरतात.

यादीत मुंबईला मार्क मिळाले त्यात या बंदराचा वाटा किती, कुणास ठाऊक. लेगिंग्जचा तर नक्कीच मोजला नसेल.

आता ज्यासाठी इतका वेळ दम धरला ते सांगतो. तेरखेड्यापासून गाडीनं तासाभराच्या अंतरावर तेर आहे. गोरोबाकाकांचं तेर, तेरणेच्या काठचं. इसवी सनाच्या पहिल्या शतकात ग्रीक लिहिणाऱ्या एका अनामिक दर्यावर्दी व्यापाऱ्यानं एक टिपणवही केली, 'पेरिप्लस'. तांबड्या समुद्रापासून आपल्या किनाऱ्यापर्यंत कुठल्या बंदरात काय विकतं, काय मिळतं, राजा कसा, खडक कुठं. त्यात तो सांगतो की भडोचहून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आणि पैठणहून पूर्वेला दहा दिवसांवर तगर. तगर म्हणजे आपलं तेर. तिथून गाड्यांवर लादून, नीट वाटही नसलेल्या मुलखातून कापड भडोचला येतं, जाडंभरडं पुष्कळ, आणि तलम मलमलही.

तेरच्या जमिनीतून निघालेली हस्तिदंताची चिमुकली बाई तिथल्या रामलिंगप्पा लामतुरे संग्रहालयात बघायला मिळते. तिच्या नात्यातली वाटावी अशीच एक बाई १९३८ साली इटलीत पॉम्पेईच्या राखेखालून निघाली. पॉम्पेई ७९ साली गाडलं गेलं, म्हणजे ती बाई त्याआधीच भारतातून तिकडं पोचलेली. व्हिसा, पासपोर्ट, काही नाही.

त्या वहीवाल्यानंही शहरांची यादीच केली होती. त्याचं मोजमाप बैलाच्या चालीवर होतं, आणि गावाचं नाव लिहिलं की पुढं तिथून काय निघतं ते लिहिलेलं असायचं. तगर कुणाला सल्ला देतं असं त्यात कुठं नाही. तगर कापड देतं, एवढंच. आणि त्यानं तगर हे नाव ग्रीक अक्षरांत लिहिलं. टाऊ, अल्फा, गॅमा, अल्फा, ऱ्हो, अल्फा.

मोजा. तीन अल्फा आणि एक गॅमा. मुंबईला सगळा मिळून एक.

हे मी भाच्याला तिथल्या तिथं लिहून पाठवलं. निळ्या खुणा आल्या. उत्तर आलं नाही.

तोवर साडेसहा झाले. हॉटेलवाल्याच्या पोरानं मोबाईल पाण्याच्या जगाला टेकवून उभा केला होता. सिडनीत मध्यरात्र झाली होती. सिडनीचे बारा आपल्या साडेसहाला वाजतात. आपले बारा कधीही. पूल, खाडी, होड्या आणि वर आकाश नुसतं फुलत चाललेलं. पोरं कालवा करत होती. हायवेवरून पवनचक्कीचं एक लांबलचक पातं वाहणारा ट्रेलर चालला होता, त्यामागं सगळी वाहतूक मुंगीच्या पावलानं. पंजाबातल्या संगरूरहून निघून कर्नाटकात अंकोल्याला समुद्र गाठणारा हा ५२ क्रमांकाचा रस्ता, त्याच्यावरून जग असं रोजच जातं. कडेला बसलेल्यांनी मान वळवून बघितलं आणि परत सिडनीकडं वळले.

बाकड्याच्या दुसऱ्या टोकाला एक म्हातारबाबा होते. बोटांच्या चिरांत चांदीसारखी पूड बसलेली, त्यावरून धंदा कळला.

"काय बघलालाव पोरांनो?" म्हणून तेही सरकले. पाच मिनिटं एक शब्द नाही. सगळे रंगाकडं बघत होते, बाबा वेळेकडं. कुठली वात कुठल्या वातीला लावली असेल, याचा हिशेब ओठांतल्या ओठांत चाललेला.

एकदम अख्खी खाडी हिरवी झाली.

"बेरियम," बाबा म्हणाले. "लई खर्च केला गड्यांनी." मग थोड्या वेळानं, "आपल्याला चालत न्हाई ते."

"आपण बनवलंय का कधी असलं?" पोरानं विचारलं.

"पुलाएवढं न्हाई. पण वरातीत नवरदेव घोड्यावरनं पडायचा, एवढं बनवलंय की." बाबांनी बशीतला चहा ओढला. "हे किती वेळ चालतं म्हणं?"

"बारा मिनिटं."

बाबांनी कसलासा गुणाकार केला. आकडा मोठा आला असावा, कारण त्यांनी बशी खाली ठेवली.

माझा पाहुणा ट्रेलरच्या मागं अडकलेल्या गाडीतून उतरून चालतच आला. उठता उठता मोबाईल वाजला. भाचा. तीन अल्फांबद्दल अवाक्षर नाही.

'मामा, शिवजयंतीला आमच्या सोसायटीत फटाके लागतात. पुण्यातल्या मालाला आवाजच नाही. तुम्ही तिकडून तेरखेड्याचे आणाल का? भरपूर आणा.'

मी लिहिलं, 'यादी पाठव.'